लग्नाआधीच्या नावावरची एफडी सापडलीय, आता "ती मीच" हे सिद्ध कसं करू?

कुंदा_की_शर्मिला

नमस्कार मंडळी. बरीच वर्षं वाचनमात्र होते, पहिल्यांदाच धागा काढतेय, चुकलं माकलं सांभाळून घ्या.

तर झालं असं. रिझर्व्ह बँकेचं उद्गम नावाचं पोर्टल आहे, २०२३ मध्ये सुरू झालं, दहा वर्षं कोणी फिरकलंच नाही अशा ठेवी त्यात शोधता येतात. दिवाळीत माझा भाचा आला होता, त्याला रिकामा वेळ आणि हातात मोबाईल. घरातल्या एकेकाची नावं टाकत बसला. "आत्या, तुझं माहेरचं नाव काय गं" म्हणाला, मी सांगितलं, जन्मतारीख सांगितली, आणि काय आश्चर्य, निघालं की! मला १९८६ ला पहिली नोकरी लागली तेव्हा बाबांनी माझ्या नावाने ठेवलेली पावती. मला बोलले होते का नव्हते आठवत नाही. ते जाऊनही वीस वर्षं झाली.

रक्कम काही डोळे फिरतील अशी नाहीये, पण बाबांनी ठेवलेली आहे, सोडवत नाही.

अडचण अशी की पावती आहे कुंदाच्या नावावर, आणि १९८८ पासून मी शर्मिला आहे. आमच्यात तेव्हा गृहप्रवेश झाला की रात्री लक्ष्मीपूजन, मग ताटात तांदूळ पसरून नवऱ्याने अंगठीने नाव लिहायचं, ते सगळ्यांना दाखवायचं आणि पेढे वाटायचे. नाव नवऱ्याने ठरवलं असंही नाही, नणंदेने ठरवलं. तिला शर्मिला टागोर आवडायची. मला कोणी विचारलं नाही आणि विचारायला पाहिजे होतं असं मलाही तेव्हा वाटलं नाही, खोटं कशाला बोलू. ताटात वाकून बघितलं तेव्हा कळलं आपण कोण झालो ते.

म्हणजे नाव बदललं, मधलं नाव बदललं, आडनाव बदललं. तिन्ही. बँकेतला मुलगा म्हणाला "मॅडम, ह्या नावातलं एकही अक्षर जुळत नाहीये". चूक त्याची नाही. आधार, पॅन, रेशनकार्ड सगळं शर्मिलाचं. कुंदाचा पुरावा म्हणून फक्त शाळा सोडल्याचा दाखला आणि बीएची मार्कलिस्ट. लग्नाची नोंदणी तेव्हा केलीच नाही, पत्रिका आणि एक अल्बम आहे, त्यात मी प्रत्येक फोटोत खाली बघतेय.

कोणाला अनुभव आहे का? काय काय कागद लागतील?

खातेवही

ताई, आधी घाबरणं बंद करा, पैसे बुडलेले नाहीत. दहा वर्षं न मागितलेल्या ठेवी २०१४ च्या योजनेनुसार रिझर्व्ह बँकेच्या फंडात वर्ग होतात, पण हक्क तुमचाच राहतो. क्लेम तुमच्या बँकेतच करायचा, बँक तुम्हाला देते आणि फंडाकडून मागून घेते. ३४ वर्षं काउंटरच्या पलीकडे बसून हे बोलतोय.

आता कागद. नुसत्या प्रतिज्ञापत्रावर बहुतेक शाखा ऐकत नाहीत, दोन्ही नावं एकत्र दिसतील असा एक तरी सरकारी कागद मागतात. सगळ्यात भक्कम म्हणजे विवाह नोंदणी दाखला. ३६ वर्षांनीही लग्न नोंदवता येतं, उशिराचं शुल्क पडेल थोडं. पत्रिका जपून ठेवलीत हे फार बरं केलंत. तीन साक्षीदार लागतील, लग्नाला हजर असलेले बघा. त्याच्या जोडीला "कुंदा आणि शर्मिला एकच व्यक्ती" असं प्रतिज्ञापत्र. दुसरा रस्ता राजपत्राचा, नावातला बदल छापून आणायचा, तेही आता ऑनलाईन अर्ज करून होतं.

आणि हो, सहीचं कार्ड जुनं असणार. जुनी सही जमते का बघा घरी.

तिखट_सांजा

मी एचआरमध्ये आहे आणि हा माझा रोजचा पोटापाण्याचा विषय आहे, त्यामुळे राहवत नाही. पीएफचे निम्मे अडलेले क्लेम ह्या नाव बदलण्याने अडतात असं माझं आमच्या ऑफिसपुरतं निरीक्षण आहे. डिग्री एका नावाने, आधार दुसऱ्या, पीएफला तिसरं स्पेलिंग. आधारमध्ये नाव आयुष्यात दोनदाच बदलता येतं, मुली उत्साहाच्या भरात लग्नानंतर पंधरा दिवसात एक संधी उडवतात आणि त्यातही नवऱ्याच्या नावाचं स्पेलिंग चुकवतात, की दुसरीही गेली.

एक गंमत सांगते. तुमचं पॅनकार्ड हातात घ्या. नंबरातलं पाचवं अक्षर म्हणजे आडनावाचं पहिलं अक्षर. लग्नानंतर कार्डावरचं नाव बदलून मिळतं पण नंबर तोच राहतो, म्हणजे माहेरचं अक्षर जन्मभर तिथे बसलेलं असतं. शिवाय पॅनच्या फॉर्मवर लग्न झालेल्या बाईनेही वडलांचंच नाव लिहायचं असतं, नवऱ्याचं विचारतच नाहीत. आयकर खातं ह्या बाबतीत आपल्या सगळ्यांपेक्षा पुढारलेलं आहे :)

बाकी तांदळातलं नाव आमच्या पिढीत संपलं ते काही कोणाला पटलं म्हणून नाही. कागदं बदलायचा कंटाळा म्हणून. माझ्या सासूबाईंनी हौसेने नाव काढून ठेवलेलं, नवरा म्हणाला "आई, हिचा व्हिसा अडकेल", विषय संपला.

जुनाट_काका

चर्चा वाचली. कागदपत्रांचा त्रास मान्य. पण सगळ्याच जुन्या गोष्टींकडे अन्याय म्हणून बघायचं हे काही पटत नाही बुवा. नवीन घर, नवीन माणसं, नवीन नाव, त्यात एक जिव्हाळा होता. आमच्या आईचं नाव बदललं होतं, ती कधी कुरकुरली नाही. घराचं एक नाव असावं, पाटीवर एक आडनाव असावं, एवढंच त्यामागे होतं. आता दारावर चार माणसांची चार आडनावं, पोस्टमन गोंधळतो.

अर्धी_भाकर

काका, पोस्टमनचं सोडा हो, तो हुशार असतो.

आई कुरकुरली नाही म्हणता, विचारलं होतंत का कधी? रागाने नाही विचारत आहे. माझ्या आईला मी चाळिशीत पहिल्यांदा विचारलं, तेव्हा ती म्हणाली, "माहेरची माणसं एकेक करून गेली, आता मला त्या नावाने हाक मारणारं कोणी उरलं नाही." एवढंच बोलली आणि भाजी निवडायला लागली.

माझं स्वतःचं सांगते. मी हौसेने बदललं होतं, आडनाव आणि मधलं नाव. अकरा वर्षांनी घटस्फोट झाला. आता मधल्या नावात तो माणूस. दर ओटीपीला, दर फॉर्मला, दवाखान्यात नंबर लागला की नर्स पूर्ण नाव पुकारते त्यात तो. उलट बदलायचं तर कोर्टाची डिक्री जोडायची, म्हणजे गॅसच्या एजन्सीतल्या माणसालाही आपला घटस्फोट वाचायला द्यायचा. मी आडनाव परत माहेरचं केलं पण मुलीच्या शाळेत "आईचं आडनाव वेगळं का" हा प्रश्न तीन वर्षं दर गॅदरिंगला. हे कोणी लग्नाच्या बोलणीत सांगत नाही.

आज्जीबाई_ऑनलाईन

वय ७९, टाईप करायला वेळ लागतो.

कुंदाताई, तुमचं तांदळाचं ताट वाचून माझंही आठवलं. आमच्यावेळी नवऱ्याच्या नावाशी जोड लावायची फॅशन होती, तो श्रीराम तर ही जानकी, तो श्रीकृष्ण तर ही रुक्मिणी. मी वाचले कारण ह्यांचं नाव बबन होतं, बबनला जोडी काय लावणार.

जुन्या बायकांचं बघा. रमाबाई रानडे माहेरच्या यमुना. डॉक्टर झालेल्या आनंदीबाई जोशी, त्याही माहेरच्या यमुना. महर्षी कर्व्यांच्या आनंदीबाई ह्या मूळच्या गोदूबाई जोशी, आधी विधवा झाल्या आणि १८९३ ला कर्व्यांशी लग्न झालं तेव्हा आनंदी झाल्या. लक्ष्मीबाई टिळक माहेरच्या मनकर्णिका गोखले, झाशीची राणी पण मनकर्णिकाच. आपण पाठ करतो ती सगळी सासरची नावं. आणि बाळूताई खरे लग्नानंतर मालतीबाई बेडेकर झाल्या पण लिहिताना विभावरी शिरूरकर, हे तिसरं त्यांनी स्वतःच्या मनाने घेतलं, मला त्याचं फार कौतुक.

आणखी एक गंमत म्हणजे नवऱ्याचं नाव मधे घेऊन जन्मभर फिरायचं, पण तोंडाने घ्यायचं नाही! घ्यायचं तर उखाण्यात. मला रेशनच्या ऑफिसात साहेबाने नवऱ्याचं नाव विचारलं तेव्हा मी लाजून शेजारणीला कोपर मारलं होतं, ती सांगेल म्हणून. आता नात नवऱ्याला "ए बबड्या" म्हणते, आणि तो चहा करून आणतो.

तिखट_सांजा

आज्जी, बबनला जोडी _/\_ ऑफिसात मोठ्याने हसले.

गणिताचा_तास

आज्जींच्या रेशनच्या गोष्टीवरून. १९५१-५२ च्या पहिल्या निवडणुकीत साधारण २८ लाख बायकांची नावं मतदार यादीतून वगळावी लागली होती, कारण त्यांनी स्वतःचं नाव सांगितलंच नाही, अमक्याची बायको, तमक्याची आई एवढंच. निवडणूक आयुक्त सुकुमार सेन ठाम राहिले, नाव नाही तर नोंद नाही. बहुतेक जणी उत्तरेकडच्या राज्यांतल्या, पण म्हणून आपण फार मान ताठ करायला नको.

वऱ्हाडी_ठेचा

तुमचं शहरातलं आडनावाचं भांडण वाचून मजा येऊन राह्यली. आमच्या इकडे प्रश्न नाव कोणतं हा नाही, नाव आहे का हा आहे. माझी माय चाळीस वर्षं वावरात राबली, निंदण खुरपण सगळं, पण सातबाऱ्यावर बाप आणि काका. शरद जोशींच्या शेतकरी संघटनेनं नव्वदच्या आसपास लक्ष्मीमुक्ती काढली होती, बायकोच्या नावानं जमिनीचा तुकडा करायचा. आमच्या गावात काही जणांनी केलं. माझ्या बापानं सभेत हात वर केला अन् तलाठ्याकडे गेलाच नाही, हाहा. तो गेल्यावर वारसाहक्कानं मायचं नाव लागलं, तेव्हा फेरफारवर अंगठा न लावता सही केली तिनं, "कमल" एवढीच. म्हटलं पुढचं लिही ना बाई, तर म्हणे "पुढचं त्याइचं हाय, माह्यं एवढंच."

मांडवीकाठ

गोव्यातून. आमच्याकडे पोर्तुगीज काळापासूनचा समान नागरी कायदा, लग्नाची नोंद सिव्हिल रजिस्ट्रारकडे केल्याशिवाय भागत नाही, त्यामुळे कुंदाताईंसारखं ३६ वर्षांनी साक्षीदार शोधायची वेळ येत नाही. आणि लग्नाआधी वेगळा करार केला नसेल तर मालमत्ता दोघांची अर्धी-अर्धी, घर विकायचं झालं तर बायकोची सही लागतेच. आता हे वाचून कोणी गोव्याच्या बायका फार सुखी असं समजू नका, सही लागते म्हणून आणतात हाताला धरून. पण लागते हे महत्त्वाचं.

बर्फातली_बया

मॉन्ट्रियलहून. इथे क्युबेकमध्ये १९८१ पासून कायदाच आहे, लग्न झालं म्हणून बाईने नवऱ्याचं आडनाव घ्यायचं नाही. चालतच नाही. माझी मुलगी इथे लग्न करतेय, मुलगा मराठीच, त्याच्या आईला पुण्याहून फोनवर समजावणं म्हणजे दिव्य होतं. "अहो पण आमची काही हरकत नाही" म्हणत होत्या त्या. त्यांना वाटत होतं मीच आढेवेढे घेतेय. शेवटी म्हटलं ताई, सरकारची हरकत आहे. लगेच गप्प! आईबापाचं, मुलीचं म्हणणं असतं तेव्हा चर्चा, सरकारचं असतं तेव्हा "मग काय करणार".

निळी_शाई

एक बाजू कोणीच बोलली नाही म्हणून लिहिते. आडनाव म्हणजे फक्त माहेर-सासर नाही, आपल्याकडे आडनाव म्हणजे जात. माझं आडनाव ऐकलं की समोरच्याच्या चेहऱ्यावर काय होतं ते मला शाळेपासून पाठ आहे. माझं लग्न आंतरजातीय. सासरची माणसं वाईट नाहीत, पण आडनाव बदलावं म्हणून त्यांनी जेवढा गोड आग्रह केला तेवढा कशाचाच नाही. "तुलाच बरं पडेल" हे वाक्य. बरं पडेल हे खरंच होतं हो, भाड्याने घर बघताना तर नक्कीच. म्हणूनच बदललं नाही. ह्यात फार मोठं धैर्य वगैरे नाही, दर तीन महिन्यांनी वाटतं बदलून टाकावं.

जुनाट_काका

निळी_शाई, हे माझ्या डोक्यात आलं नव्हतं. पटलं.

बाकीच्यांना: मी काही बायकांच्या विरुद्ध नाही, माझ्या सुनेने नाव बदललेलं नाही आणि आमचं उत्तम चाललंय. पाटी बदलली आम्ही, दोन आडनावं. सुतार म्हणाला एक अक्षराचे पैसे जास्त लागतील.

अर्धी_भाकर

काका, पाटीचा फोटो टाका :)

नवी_पालवी

मार्च २०२४ चा राज्य सरकारचा निर्णय कोणी बारकाईने वाचलाय का? १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात आधी मुलाचं नाव, मग आईचं, मग वडलांचं, मग आडनाव. ह्यावर स्टेटस पडले, हार्ट पडले. पण त्याच निर्णयात पुढे आहे की लग्न झालेल्या बाईचं नाव मात्र आत्तासारखंच, म्हणजे तिचं, मग नवऱ्याचं, मग आडनाव. म्हणजे माझ्या मुलीच्या नावात मी आहे, शाळेत असेपर्यंत. तिचं लग्न झालं की मी बाहेर, जावई आत! अर्थात मालमत्तेच्या कागदावर लग्नाआधीचं नाव लावायची मुभा ठेवलीय त्यात, ती चांगली आहे, कुंदाताईंच्या पिढीला असती तर हा धागाच निघाला नसता.

माझी मुलगी ऑगस्टमधली. दाखल्यावर तीन नावं आणि माझ्या सासरचं लांबलचक आडनाव, रकान्यात मावत नाही. क्लार्क म्हणाला "आईचं शॉर्टमध्ये लिहू का?" नाही म्हटलं, वडलांचं लिहा शॉर्टमध्ये. नवरा शेजारीच उभा होता, हसला, पण जरा उशिरा हसला.

बाराखडी

मला एक कळत नाही, वडलांचं आडनाव ठेवलं तर ते पण पुरुषाचंच ना? मग फरक काय पडला?

तिखट_सांजा

आला! दर धाग्यावर हा प्रश्न येतो, मी वाटच बघत होते. अरे भाऊ, तुझं आडनाव पण तुझ्या वडलांचंच आहे, ते तुझं नाही का? तसंच आमचं. पंचवीस वर्षं वापरलेली वस्तू आपली होते, तांब्या असो की आडनाव.

खातेवही

विषय भरकटतोय. कुंदाताई, पुढे काय झालं? साक्षीदार मिळाले का?

कुंदा_की_शर्मिला

दोन महिन्यांनी येतेय, माफ करा. सगळे प्रतिसाद वाचले, काही दोनदा वाचले. आज्जी आणि वऱ्हाडी_ठेचा, तुमचे नवऱ्याला मोठ्याने वाचून दाखवले.

आधी कामाचं. लग्न नोंदवलं. हो, ३६ वर्षांनी! रजिस्ट्रारच्या ऑफिसात बाकी सगळी कोवळी जोडपी, आम्ही दोघं गुडघे धरून. गुरुजी कधीच गेले, त्यासाठी वेगळं प्रतिज्ञापत्र करायला लावलं. तीन साक्षीदारांपैकी एक माझा भाऊ, एक ह्यांचे मित्र, आणि तिसरी कोण मिळेना, लग्नातली निम्मी माणसं वर गेलेली. शेवटी नणंदबाई आल्या. त्याच, शर्मिला टागोरवाल्या. वय ७४, काठी घेऊन. "मी, अमुक अमुक, ह्या विवाहास हजर होते" ह्यावर सही केली, मग प्रतिज्ञापत्र वाचायला घेतलं, "कुंदा व शर्मिला ह्या एकच व्यक्ती असून". तिथे थांबल्या. म्हणाल्या, "कुंदा चांगलं होतं गं. मला आठवतच नव्हतं तुझं नाव कुंदा होतं ते." मी काय बोलणार. त्यांना रिक्षात बसवून दिलं, उसाचा रस पाजला आधी.

खातेवही, सहीचं तुम्ही सांगितलं ते फार बरं केलंत. मला वाटलेलं विसरले असेन. वाण्याच्या बिलाच्या मागे करून बघितली, पहिल्या दोन वेड्यावाकड्या आल्या, तिसऱ्या वेळेला हाताने आपोआप 'क' ला लांब शेपूट काढली, जशी कॉलेजात काढायचे तशी. बँकेत जुन्या कार्डाशी लावून बघितली त्या मुलाने, जुळली.

मग म्हणाला बसा, साहेब बोलावतील. बसले. शेजारी एक बाई होत्या, गुडघ्यांच्या ऑपरेशनचं सांगत होत्या, मी ऐकत होते. आतून पुकारा झाला, माझ्या माहेरच्या पूर्ण नावाचा, बाबांच्या नावासकट. कोणी उठेना. परत झाला. मी त्या बाईंना म्हटलं, "तुमचा नंबर आला वाटतं, जा."

तिसऱ्या वेळेला तो मुलगा काउंटरवरून वाकून म्हणाला, "मॅडम, तुम्हीच ना?"

गृहप्रवेश_उद्या

ताई, अभिनंदन!! एकच विनंती, त्या प्रतिज्ञापत्राचा मजकूर नाव-पत्ता खोडून इथे टाकाल का? आईच्या पोस्टातल्या खात्यासाठी हवाय, तिची तर तीन नावं आहेत.